विहिरीतलं बेट

या प्रवासात तुम्हाला जागा फारशी बदलायची नाही. मुंबईच्या उपनगरातली जोगेश्वरी, तिथली अंध मुलांची एक शाळा आणि शाळेच्या आवारातली सुमारे 40 फूट खोल विहीर. 2022 साली या विहिरीतल्या एका माशाला शास्त्रीय नाव मिळालं : रक्तामिक्थिस मुंबा. लांबट, सापासारखा देह. डोळे नाहीत, खवले नाहीत, पर नाहीत. अंगात रंगद्रव्य नाही, त्यामुळे कातडीखालचं रक्त दिसतं आणि सगळं शरीर गुलाबी-तांबडं वाटतं. साऱ्या पृथ्वीवर या माशाचा नोंदलेला पत्ता आजवर एवढा एकच.

एकाच ठिकाणी सापडणारा जीव म्हटला की डोळ्यांपुढे दूरच्या समुद्रातलं बेट येतं, तिथल्या एखाद्या डोंगरधारेवरची दुर्मीळ गोगलगाय येते. लोकलमधून उतरून गाठता येईल अशा वस्तीत तसा जीव नांदत असेल, हे मनात येत नाही. पण जोगेश्वरीत तो आहे. तो इथे कसा, हे समजून घ्यायचं तर मागे जायला हवं. तुम्ही इथेच उभे राहा. काळ सरकू द्या.

6 कोटींहून अधिक वर्षांपूर्वी

आधी वास येतो, गंधकाचा. मग पावलांना ऊब जाणवते. शाळा, रस्ता, रेल्वे यांतलं काहीच नाही. आशिया खंडाला भारत अजून भिडलेलाच नाही. चहूबाजूंनी समुद्र असलेलं एक प्रचंड बेट होऊन हा भूखंड उत्तरेकडे सरकतो आहे. म्हणजे आत्ता तुम्ही बेटावरच उभे आहात.

या बेटाला भेगा पडल्या आहेत आणि त्यांतून लाव्हा वाहतो आहे. एक थर पसरतो, निवतो. बराच काळ जातो, मग त्यावर दुसरा चढतो. दख्खनचं पठार आणि सह्याद्री अशा थरांवर थर चढूनच उभे राहिले. मुंबईचा खडक या उद्रेकांच्या उत्तरार्धातला. इथून दक्षिणेला, जिथे पुढे अंधेरी वसणार आहे, तिथे लाव्हाची एक मोठी रास सावकाश निवते आहे. निवताना ती आकसते आणि तिला उभ्या भेगा पडून बहुकोनी खांब तयार होतात. तीच पुढची गिल्बर्ट टेकडी. जोगेश्वरीत मात्र स्फोटाने फुटलेले दगडांचे तुकडे आणि राख यांचा एकत्र घट्ट बसलेला, तुलनेने ठिसूळ खडक आहे.

दोन थरांच्या मधल्या शांत काळात तळी साचतात, दलदल होते. बेडकांचा आवाज ऐकू येतो का बघा. त्या काळच्या इवल्या बेडकांचे जीवाश्म वरळीच्या खडकात सापडले आणि 1847 मध्ये इंग्रज शास्त्रज्ञ रिचर्ड ओवेन यांनी त्यांचं वर्णन केलं. कासवांचे अवशेषही तिथे मिळाले.

मासा शोधू नका. इथे आपण त्याचं घर कसं तयार झालं ते बघायला आलो आहोत. घट्ट काळ्या कातळाच्या पोटात पाणी फारसं मावत नाही. ते राहतं निवताना पडलेल्या चिरांमध्ये, दोन थरांमधल्या सांध्यात आणि पुढे कातळ झिजून होणाऱ्या मुरुमात. जुन्या इमारतीच्या भिंतीत ओल जशी दिसत नसताना खोलीखोलीत पसरते, तसं पावसाचं पाणी या चिराचिरांतून पसरत जाणार आहे. त्या वाटा आज आखल्या जात आहेत.

20 हजार वर्षांपूर्वी

हवा कोरडी आणि गार आहे. पश्चिमेकडे तोंड करा. वर्सोव्याच्या दिशेला समुद्र दिसायला हवा, पण तिथे जमीनच जमीन आहे. हिमयुग ऐन भरात आहे. जगभरचं पाणी बर्फात अडकल्याने समुद्राची पातळी आजच्यापेक्षा सुमारे 120 मीटर खाली गेली आहे. जोगेश्वरी जिथे आहे त्या साष्टीच्या टेकड्या या घडीला मुख्य भूमीवरच्या साध्या टेकड्या आहेत.

थोडं थांबलात, म्हणजे दहा-बारा हजार वर्षं थांबलात, तर बर्फ वितळताना दिसेल. समुद्र वर चढेल, सखल भागांत शिरेल, ठाण्याची आणि वसईची खाडी भरेल आणि साष्टी मुख्य भूमीपासून सुटून बेट होईल. पण जमिनीवर हे घडत असताना जमिनीखालच्या गोड्या पाण्याचाही हिशेब बदलतो. खाऱ्या पाण्याने वेढलेल्या खडकाच्या आत, पावसावर भरणारं गोडं पाणी मधोमध राहतं. बेटाच्या पोटात दुसरं बेट तयार होतं, फक्त ते पाण्याचं असतं आणि त्याला किनारा असतो तो कातळाचा.

आता त्या दुसऱ्या बेटात उतरा. इथे दिवस-रात्र नाही. शेवाळ नाही, कारण उजेड नाही. अन्न म्हणजे वरून पावसाबरोबर झिरपत येईल तेवढंच, आणि त्यावर जगणारे बारीकसारीक जीव. अशा जागी डोळा बाळगणं महागात पडतं. डोळा आणि त्यामागचा मेंदूचा भाग सतत ऊर्जा खातो, आणि इथे तर पोटापुरतंच मिळण्याची मारामार. म्हणून असंख्य पिढ्यांमध्ये ज्यांचे डोळे क्षीण होत गेले त्यांचं काही बिघडलं नाही. उन्हापासून वाचवणारा कातडीचा रंगही इथे कामाचा नाही. पर नसले तर चिरेतून सरकणं सोपं जातं. या कुळातले बरेच मासे तोंडाच्या आतल्या अस्तरातून हवेतला प्राणवायूही घेऊ शकतात, त्यामुळे कोंडलेल्या पाण्यात ते तग धरतात.

मासळी बाजारात मिळणारी वाम डोळ्यांसमोर आणलीत तर आकार कळेल, नातं मात्र कळणार नाही. हे सिंब्रँकिड कुळ वेगळं आहे. दक्षिण अमेरिका, आफ्रिका, आशिया आणि ऑस्ट्रेलिया इतक्या दूरवर त्याचे भाईबंद चिखलात, दलदलीत, भातखाचरांत राहतात. त्यांच्यातल्या काहींनी जमिनीखालचा रस्ता धरला.

सहावं शतक

छिन्नीचा आवाज. एका सुरात, न थांबता. तुमच्या पुढ्यात डोंगर कापत माणसं आत शिरत आहेत. वरून पायऱ्या खाली उतरतात आणि तुम्ही त्यांच्या मागून जमिनीच्या पातळीखाली जाता. मशालींच्या उजेडात एक मोठा चौरस मंडप दिसतो, मधोमध चारही बाजूंना दारं असलेला गाभारा. हे शिवाचं लेणं आहे. दारांवरच्या शिल्पांत शिव-पार्वती सारीपाट खेळताना दिसतात, पाशुपत पंथाचा लकुलीश दिसतो. घारापुरीच्या मोठ्या लेण्याच्या थोडं आधीचं हे काम, असं कलेच्या इतिहासाचे अभ्यासक मानतात. पुढे इथल्या देवीवरूनच वस्ती जोगेश्वरी म्हणून ओळखली जाणार आहे.

भिंतीला हात लावून बघा. ओली आहे. तोच तो राख आणि दगडांच्या तुकड्यांचा खडक. कोरायला सोपा, पण पावसाळ्यात पाझरणारा. तुमच्या हयातीत याच लेण्यात शिल्पांचे चेहरे झिजलेले दिसतील, त्याची सुरुवात या ओलीत आहे. इथल्या कारागिरांनी डोंगराच्या आत शिरून अंधार कोरला, त्यात देव बसवला, दिवा लावला. त्याच खडकात, त्यांच्या पायांखाली, पाण्याने आपली लेणी आधीच कोरून ठेवली आहेत. त्यांत शिरायला माणसाला वाट नाही. ती वाट अजून खणायची आहे.

1740 च्या सुमारास

आता उजेडात या. भाताची खाचरं, मधून वाहणारी ओशिवरा नदी, मजास आणि आंबोलीसारखी गावं. 1737 मध्ये मराठ्यांनी साष्टी पोर्तुगिजांकडून घेतली. दोन वर्षांनी वसईही पडली. तलवारींची धामधूम ओसरली आहे आणि लोकांपुढे नेहमीचा प्रश्न आहे : पावसाळा संपल्यावर पाणी कुठून आणायचं?

बांधाजवळ एक विहीर खणली जाते आहे. वरची माती संपली, मुरूम संपला, आता घण आणि पहार कातळावर पडते आहे. दोन पुरुष खाली आहेत, वर बायका पाट्यांतून दगड उचलून टाकत आहेत. अचानक खालचा आवाज बदलतो. घणाचा घाव बद्द वाजतो आणि चिरेतून पाण्याची धार सुटते.

“आये, पाणी लागलं!”

काठावरची म्हातारी वाकते. “गोड हाय का मचूळ?”

खालचा ओंजळ भरतो, चव घेतो, क्षणभर काही बोलत नाही. बेटावर हा क्षण सगळ्यांत अवघड असतो. “गोड हाय.”

नारळ फुटतो. म्हातारी पाण्याला हळद-कुंकू वाहते. तुम्ही मात्र त्या चिरेकडे बघा. लाखो वर्षं बंद असलेल्या एका घराला आज खिडकी पडली. विहीर म्हणजे माणसाला पाणी मिळण्याची सोय, हे खरंच. पण जमिनीखालच्या पाण्यात राहणाऱ्या जिवाचं जग आपल्याला दिसण्याची तीच एक जागा आहे. साष्टीभर अशा किती खिडक्या पडल्या असतील! पोहरा बुडताना, रहाट करकरताना कितीदा एखादं तांबूस शरीर चटकन चिरेत सरकलं असेल आणि पाणी भरणारीला ते झाडाच्या मुळासारखं वाटलं असेल, याची तुम्ही कल्पना करू शकता.

1911

इथे एकदा जागा सोडावी लागेल. दक्षिणेला, कोटाच्या भागात या. 1860 मध्ये विहार तलावाचं आणि 1879 मध्ये तुळशीचं काम पूर्ण झालं, तेव्हापासून शहरात नळ आला आहे. विहिरींवरचं अवलंबन संपत चाललं आहे, आणि आता त्यांच्यावर आरोपही आला आहे. डास हिवताप पसरवतात हे रोनाल्ड रॉस यांनी 1897 मध्ये दाखवून दिलं. मुंबईत हिवतापाने माणसं रोज मरत आहेत. चार्ल्स बेंटली या डॉक्टरने शहरभर पाहणी केली आणि 1911 च्या अहवालात घरोघरच्या विहिरींकडे बोट दाखवलं : डासांची पैदास इथे होते.

मग विहिरी बुजवण्याच्या, झाकण्याच्या नोटिसा निघतात. लोक विरोध करतात. कुणाच्या पूजेला विहिरीचंच पाणी लागतं, कुणाच्या श्रद्धेत विहीर पवित्र असते. काही विहिरी जाळी आणि झाकण लावून वाचतात. 1725 मध्ये खणलेली पारशी समाजाची भिखा बेहराम विहीर आजही चर्चगेटजवळ आहे. बाकीच्यांत दगडमाती पडते.

बेंटलींच्या अहवालामागे तापाने फणफणलेली लेकरं आहेत. त्या नोटिसांनी जीव वाचवले, हे विसरून कुणालाही बोलता येणार नाही. पण एक गोष्ट नीट बघून ठेवा. विहिरीच्या वर डास मोजले गेले. विहिरीच्या तळाशी डोकावण्याचं कारण त्या वेळी कुणाकडेच नव्हतं. ज्याची खिडकी बुजली तो जीव होता की नव्हता, हा प्रश्नसुद्धा मातीखाली गेला.

1950

परत जोगेश्वरी. टेकडीवर इस्माईल युसुफ कॉलेज उभं आहे, 1930 पासूनचं. या वर्षी मुंबई महापालिकेची हद्द पश्चिम रेल्वेच्या बाजूने जोगेश्वरीपर्यंत वाढते. गाव शहरात येतं. पुढच्या काही दशकांत खाचरं भरली जातील, चाळी आणि झोपड्या उभ्या राहतील, मग टॉवर. नदीचा नाला होईल. पाऊस पडेल तितकाच, पण तो मुरण्याआधी सिमेंटवरून गटारात जाईल.

त्याच सुमारास तिकडे दूर केरळात एक वेगळी गोष्ट घडते. कोट्टायमच्या विहिरीतून आलेल्या एका आंधळ्या मार्जारमीनाचं वर्णन ए. जी. के. मेनन करतात. मत्स्यशास्त्रज्ञ सुंदरलाल होरा यांच्या आडनावावरून त्याच्या प्रजातीला होराग्लॅनिस हे नाव मिळतं. केरळात जवळपास प्रत्येक परसात विहीर आणि खाली जांभा दगड. पुढे तिथल्या विहिरींतून आंधळ्या सिंब्रँकिड माशांच्या एकामागून एक जाती निघत गेल्या. 2023 मध्ये होराग्लॅनिसची आणखी एक जात जाहीर झाली, ती तर सामान्य लोकांनी आपल्या विहिरींत, टाक्यांत दिसलेले मासे कळवले म्हणून. तिला होराग्लॅनिस पॉप्युली असं नाव देऊन शास्त्रज्ञांनी लोकांचे आभार मानले.

महाराष्ट्रात मात्र काळ्या कातळाखालच्या पाण्याकडे त्या नजरेने फारसं कुणी पाहिलं नाही.

2019 ते 2022

आता तुम्ही तुमच्याच काळात आहात. शाळेच्या आवारातली विहीर शाबूत आहे. शहराने हजारो विहिरी गमावल्या, ही राहिली. तिच्यातून एक आंधळा, गुलाबी मासा हाती येतो. सगळ्यांत मोठा नमुना 32 सेंटिमीटरचा.

पुढचं काम सावकाश चालतं. तेजस ठाकरे, प्रवीणराज जयसिंहन, अनिल महापात्र आणि अन्नम पवनकुमार असे चार संशोधक यावर काम करतात. कातडी, जबडा, कल्ल्यांचं एकमेव अर्धचंद्राकृती भोक, मणक्यांची संख्या, जनुकांची तुलना. केरळातल्या आणि ईशान्य भारतातल्या भाईबंदांपुढे ठेवून बघितल्यावर पटतं की ही जात वेगळी आहे. 2022 मध्ये मत्स्यशास्त्राच्या ‘ॲक्वा’ या आंतरराष्ट्रीय नियतकालिकात शोधनिबंध येतो. मुंबईची ग्रामदेवता मुंबाआई, तिच्यावरून नाव ठेवलं जातं. महाराष्ट्रात आणि उत्तर पश्चिम घाटात गोड्या पाण्यातली पूर्णपणे अंध अशी माशाची ही पहिलीच जात.

पावसाळ्याचे दिवस असतील तर आवाराच्या भिंतीकडेही बघा. हाताच्या मुठीएवढी, तपकिरी पट्ट्यांची गोगलगाय चढते आहे. मुंबईकराला ती इतकी सवयीची झाली आहे की ती इथलीच वाटते. पण ही पूर्व आफ्रिकेची. 1847 मध्ये मॉरिशसहून कोलकात्यात आणून सोडली गेली आणि तिथून पसरली. हीच गोगलगाय पॅसिफिकमधल्या हवाई बेटांवर पोहोचली, तिला आवर घालण्यासाठी 1955 मध्ये तिथे गोगलगायी खाणारी शिकारी गोगलगाय आणली गेली, आणि त्या शिकारी जातीने मूळच्या, एकेका डोंगरधारेपुरत्या जगणाऱ्या वृक्षगोगलगायींनाच गिळलं. अकाटिनेला अपेक्सफल्वा या जातीचा शेवटचा जीव ‘जॉर्ज’ या नावाने प्रयोगशाळेत सांभाळला होता. 1 जानेवारी 2019 रोजी तो मेला. त्याच्याबरोबर जातही संपली. कुणी वाईट हेतूने काही केलं नव्हतं. बेट इतकं लहान होतं की एक चूक पुरली.

जोगेश्वरीतल्या माशाचं बेट त्याहून लहान आहे, निदान आपल्याला दिसतं तेवढं तरी.

उद्या

शेवटचा टप्पा पुढचा आहे आणि तो तुम्ही कसा वागाल त्यावर ठरेल. उपनगरांत जुन्या इमारती पाडून नव्या बांधल्या जात आहेत. प्रत्येक पुनर्विकासात पाया खोल जातो, तळघरात पार्किंग येतं, आणि कोपऱ्यातली विहीर नकाशावरची अडचण होते. ती बुजवताना कुणाच्या मनात काळंबेरं नसतं. मुलं पडतील, डास होतील, टँकर परवडतो, ही कारणं खरीच असतात. पण त्या विहिरीला झाकण आणि जाळी लावूनही डास थांबवता येतात, हे मुंबईने शंभर वर्षांपूर्वीच शिकून घेतलं आहे. आणि जमिनीखालच्या एखाद्या जातीला दुसरीकडे जायला वाट नसते.

हे एका माशापुरतंही नाही. जोगेश्वरीच्या पूर्वेला लागून असलेल्या आरे दुग्ध वसाहतीतून 2010 मध्ये विंचवाची नवी जात नोंदली गेली, लायकस आरेएन्सिस. एवढ्या दाट शहराच्या मधोमध अशी नावं अजूनही मिळतात, याचा अर्थ आपलं इथे सगळं बघून झालेलं नाही. सहा कोटी वर्षांत तयार झालेल्या चिरांत काय काय राहतं, याची मोजणी आत्ता कुठे सुरू झाली आहे, आणि ती मोजणी फक्त उघड्या विहिरींतूनच करता येते.

म्हणून तुमच्या सोसायटीत, वाडीत, देवळामागे, शाळेत विहीर असेल तर तिच्यावर लक्ष ठेवा. सांडपाण्याची गळकी वाहिनी तिच्याकडे उतरत असेल तर ती आधी दुरुस्त करून घ्या. उपसा करताना किंवा गाळ काढताना बादलीत लाल दोऱ्यासारखं काही वळवळलं तर गांडूळ समजून फेकू नका. त्याच पाण्यात ठेवून फोटो काढा, जागा आणि तारीख लिहा, परत सोडा, आणि जवळच्या कॉलेजच्या प्राणिशास्त्र विभागाला किंवा वर्सोव्याच्या केंद्रीय मत्स्यशिक्षण संस्थेला कळवा. केरळातल्या लोकांनी एवढंच केलं होतं.

आणि सर्वसाधारण सभेत विहीर बुजवण्याचा ठराव आलाच, तर हात वर करून सांगा की सही नंतर करू, आधी खाली कोण राहतं ते बघून घेऊ.